कागदावर गोंड, घरी कोयतुर

मी रायपूरहून बोलतोय, ब्राह्मणपाऱ्यातून. पुण्यामुंबईकडचे पाहुणे हा पत्ता ऐकला की हमखास हसतात. ‘पारा? कुणाचा चढलाय?’ असं एकदा तरी विचारतातच. इकडे पारा म्हणजे वस्ती, आळी. आमच्या शेजारी तात्यापारा आहे, कंकालीपारा आहे, पलीकडे बूढापारा. बस्तरातल्या एकेका खेड्याचेही चार-पाच पारे असतात. मराठी कानाला मात्र थर्मामीटरच आठवतो, त्याला इलाज नाही.

आजचा विषय असाच एका नावाचा आहे, पण हसण्यावारी नेण्यासारखा नाही. आमच्या वरच्या खोलीत एक मुलगी भाड्यानं राहते. गडचिरोली जिल्ह्यातल्या कोरची तालुक्यातली, इथे नर्सिंग शिकते. तिचं आजोळ सीमेच्या या बाजूला, मानपूरकडे. तिच्या घरी आडनाव मडावी, मामाकडच्या गावात त्याच कुळाचे लोक मंडावी लिहितात, आणि पुढे मंडल्याकडे गेलात तर मरावी. एका संध्याकाळी ती एका कचेरीतून वैतागून परत आली. शिष्यवृत्तीचा अर्ज होता. पहिली अडचण, दाखला महाराष्ट्राचा, तो इथे चालणार नाही. दुसरी, बाबूंनी विचारलं होतं, ‘गोंड में कौन-सा गोंड?’

तिनं तोच प्रश्न मला विचारला. ‘काका, गोंड म्हणजे नक्की काय हो? आम्ही घरी तर असं म्हणतच नाही. घरी आम्ही कोयतुर.’

मी गप्प बसलो. साठ वर्षं या शब्दाच्या सोबतीनं काढली होती आणि तो शब्द त्या माणसांचा स्वतःचा नाही हे मला माहीत नव्हतं. खरं सांगायचं तर आमच्या घरात तो शब्द वेगळ्याच अर्थानं यायचा. केस न विंचरता बाहेर पडलं, ताटात सांडलं, की आजी म्हणायची, ‘काय गोंडासारखा!’ आजी प्रेमळ होती. दारात आलेल्या कुणालाही पाणी दिल्याशिवाय जाऊ द्यायची नाही. पण हा शब्द तिच्या तोंडी शिवीसारखा बसला होता, आणि आम्हा मुलांच्या कानातही तसाच बसला.

म्हणून मग मी वाचायला बसलो. त्यातलं जे हाती लागलं ते आज तुमच्यापुढे ठेवतो.

सुरुवात नागपुरापासून. स्टीफन हिस्लॉप हे नाव विदर्भातल्या मंडळींना कॉलेजमुळे ठाऊक आहे. हा स्कॉटिश मिशनरी १८४५ मध्ये नागपुरात आला. धर्मप्रसार हे त्याचं काम, पण छंद दोन. एक, नागपूरच्या आसपासचे खडक आणि जीवाश्म गोळा करणं. दुसरा, गोंडांमध्ये हिंडून त्यांची भाषा आणि गाणी टिपून घेणं. १८६३ मध्ये पूर आलेला ओढा ओलांडताना तो बुडाला. त्याची टिपणं मध्य प्रांताचे चीफ कमिशनर रिचर्ड टेंपल यांनी १८६६ मध्ये छापली. त्यात हिस्लॉप म्हणतो की गोंड हे नाव तेलुगूतल्या ‘कोंडा’वरून आलं असावं. कोंडा म्हणजे डोंगर. म्हणजे गोंड हे डोंगरातले लोक. ओडिशातल्या खोंड किंवा कंध लोकांचं नावही याच मुळाचं असावं, असं त्याला वाटलं.

आता यातली गंमत बघा. गोंडी ही द्राविडी कुळातली भाषा, तेलुगूची जवळची नातलग. पण गोंडीत डोंगराला ‘मेट्टा’ म्हणतात. स्वतःला डोंगरवाले म्हणवून घ्यायचं असतं तर त्यांनी आपला शब्द वापरला असता. म्हणजे हिस्लॉपचं म्हणणं खरं धरलं, तर हे नाव सपाटीवरच्या माणसानं लांबून डोंगराकडे बोट दाखवत ठेवलेलं आहे. मला हा तर्क पटतो. तरी तो तर्कच आहे, सिद्ध झालेली गोष्ट नाही.

दुसरं मत अलेक्झांडर कनिंगहॅम यांचं, पुरातत्त्व खात्याचे ते पहिले प्रमुख. त्यांनी गोंड हा शब्द ‘गौड’ या जुन्या प्रदेशनामाशी जोडला, म्हणजे मूळ उत्तरेत नेलं. भाषा दक्षिणेकडची आणि नाव उत्तरेकडचं, ही मोट बांधायला कठीण आहे. तिसरं मत असं की मोगलांच्या काळात बाहेरून आलेल्यांनी हे नाव रूढ केलं. अबुल फजलच्या लिखाणात गढा-कटंग्याचं राज्य गोंडांचा मुलूख म्हणून येतं, हे खरं. पण नाव लिहून ठेवलं म्हणजे नाव दिलं, असं होत नाही. रसेल आणि रायबहादूर हिरालाल यांनी १९१६ मध्ये मध्य प्रांतातल्या जातिजमातींवर चार खंड काढले. तेही या बाबतीत ठाम उत्तर देत नाहीत.

लोकांनी लावलेले अर्थ निराळेच. गोंदिया हे नाव जंगलातल्या ‘गोंदा’वरून, म्हणजे आपल्या डिंकावरून पडलं असं सांगतात, गोंड लोक तिथे डिंक विकायला आणत, अशी जोडही देतात. एका मराठी पाहुण्यांनी मला छातीठोकपणे सांगितलं की ‘गोंडस’ हा शब्द गोंडांवरूनच आलाय. कानाला सारखं लागतं एवढ्यावर व्युत्पत्ती ठरवायची तर माझ्या पत्त्यात थर्मामीटर निघेल.

जरा लांबचं एक उदाहरण देतो, कारण त्यानं मला हा प्रश्न नीट समजला. अकिरा कुरोसावाचा ‘देर्सू उझाला’ हा १९७५ चा सिनेमा काहींनी पाहिला असेल. सायबेरियाच्या जंगलातला म्हातारा शिकारी आणि रशियन नकाशे करणारा अधिकारी, यांची मैत्री. मी पहिल्यांदा पाहिला तेव्हा देर्सू ‘गोल्ड’ आहे असं ऐकलं आणि मला वाटलं हा सोनं शोधणारा असणार. तसं काही नाही. गोल्ड, गोल्डी हे रशियन लोकांनी त्याच्या जमातीसाठी वापरलेलं जुनं नाव. तीच माणसं चीनच्या बाजूला हेजे म्हणून ओळखली जातात, आणि माशाच्या कातड्याचे कपडे घालतात म्हणून चिनी लोकांनी त्यांना मत्स्यचर्मवाले असंही म्हटलं. ते स्वतःला म्हणतात नानाई. ‘ना’ म्हणजे जमीन, ‘नाई’ म्हणजे माणूस. इथल्या मातीतली माणसं, बस्स. सोव्हिएत काळात हेच नाव सरकारी झालं आणि गोल्ड मागे पडलं.

आमूर नदीवरच्या त्या लोकांचं नाव बदललं. आपल्या गोंडांचं काय झालं? त्यांचं उलट झालं. बाहेरच्यांनी दिलेलं नाव मोठं होत गेलं, इतकं मोठं की आता ते टाकून देणंच अवघड आहे.

आधी त्याला राज्य मिळालं. गढा-मंडला, देवगड, चांदा, खेरला इथे गोंड राजे होते. मंडल्याकडची राणी दुर्गावती जन्मानं महोब्याच्या चंदेल घराण्यातली, लग्न गोंड राजघराण्यात. मोगलांशी लढताना १५६४ मध्ये ती पडली. आपण ज्याला ऑरेंज सिटी म्हणून मिरवतो ते नागपूर देवगडच्या बख्त बुलंद शाहनं १७०२ च्या सुमारास वसवलं. भोसले नंतर आले. त्यांच्या मागोमाग आमच्यासारखी मराठी घरं छत्तीसगडात आली आणि आजी ज्यांच्या नावानं आम्हाला रागवायची, त्यांच्याच जुन्या मुलखात आम्ही घरं बांधली. हे मला पन्नाशीनंतर कळलं, शाळेत कुणी सांगितलं नाही.

राज्यामुळे नावाचे दोन भाग पडले. राजगोंड आणि धूरगोंड. मराठी माणूस इथे पुन्हा फसतो, धूर म्हणजे चुलीतला धूर समजतो. रसेल-हिरालालांनी या धूरचा अर्थ धूळ दिलाय. म्हणजे एक राजाचे गोंड, दुसरे मातीतले. कचेरीतल्या त्या बाबूंचा ‘कौन-सा गोंड’ हा प्रश्न इथून येतो.

मग नावाला खडक मिळाले. १८७२ मध्ये भूगर्भशास्त्र खात्याच्या हेन्री मेडलिकॉट यांनी मध्य भारतातल्या एका खडकसमूहाला गोंडवाना हे नाव दिलं, १८७६ मध्ये ते फाइस्टमांटेल यांच्या लेखातून छापलं गेलं. त्या थरांत ग्लॉसोप्टेरिस नावाच्या जुन्या झाडाच्या पानांचे ठसे मिळतात. तेच ठसे आफ्रिकेत आणि ऑस्ट्रेलियातही मिळाले, म्हणून एडुआर्ड स्युस या ऑस्ट्रियन भूवैज्ञानिकानं १८८५ मध्ये एकेकाळच्या सलग भूखंडाची कल्पना मांडली आणि त्याचं नाव ठेवलं गोंडवानालँड. गोंडवन म्हणजे गोंडांचं रान, त्याला पुन्हा लँड लावलं. बिचाऱ्या हिस्लॉपनं गोंड आणि खडक असे दोन वेगळे छंद जोपासले होते. तो गेल्यावर दोन्हींचं एकच नाव झालं.

आज दक्षिण ध्रुवावरच्या अंटार्क्टिकाबद्दल बोलतानाही शास्त्रज्ञ गोंडवाना म्हणतात. भारतातला जवळजवळ सगळा दगडी कोळसा गोंडवाना थरांतला. आमचा कोरबा त्यात आला, तुमचं बल्लारपूर, घुग्गुस त्यात आलं. खाण लागली की तिथली वस्ती उठते. नाव मात्र खडकावर राहतं.

चित्रकलेचंही तेच. गोंड चित्रकला म्हणून जी जगभर विकली जाते ती जनगढसिंह श्याम यांच्यापासून नावारूपाला आली. मंडल्याकडच्या पाटनगढचा हा तरुण १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला चित्रकार जे. स्वामिनाथन यांच्यामुळे भोपाळच्या भारत भवनात पोचला. तो परधान होता. परधान म्हणजे गोंडांच्या वंशावळी आणि देवांच्या कथा बाणा वाजवत गाणारे. गाणाऱ्यांनी रंग हातात घेतले, नाव यजमानांचं लागलं.

आता मूळ प्रश्नाकडे येऊ, दाखल्याकडे. कारण डोंगर, राजा, खडक हे सगळे अर्थ ऐकायला छान आहेत, पण त्या मुलीच्या शिष्यवृत्तीला त्यांचा काही उपयोग नाही. तिथे एकच अर्थ चालतो, अनुसूचित जमातींच्या यादीतला.

महाराष्ट्राच्या यादीत गोंड ही एक नोंद आहे आणि तिच्यात स्वल्पविराम देत पन्नासाहून जास्त नावं आहेत. कधी निवांत वाचून बघा. त्यात राजगोंड आहे, माडिया आहे, मुरिया आहे, ओझा आहे. ‘दंडामी माडिया’ आहे आणि ‘बायसनहॉर्न माडिया’ही आहे. ही दोन्ही एकाच लोकांची नावं. लग्नात नाचताना ते गव्याच्या शिंगांचा मुकुट घालतात, म्हणून डब्ल्यू. व्ही. ग्रिगसन या इंग्रज अधिकाऱ्यानं आपल्या १९३८ च्या पुस्तकात हे नाव वापरलं. साहेबानं पुस्तकात दिलेलं टोपणनाव आज कुणाच्या तरी जातीच्या दाखल्यावर असू शकतं! आणि याच यादीत, मधोमध कुठेतरी, ‘कोईतार’ आणि ‘कोया’ आहेत. म्हणजे त्या माणसांचं स्वतःचं नाव परक्यानं दिलेल्या नावाची पोटशाखा म्हणून नोंदलंय. तेलंगणात गेलात तर तिथे कोया ही वेगळी जमात.

या यादीतला एकेक स्वल्पविराम किती महाग पडतो ते नागपूरकरांना सांगायला नको. यादीत ‘गोंड गोवारी’ अशी जोडनोंद आहे. गुरं राखणारा गोवारी समाज म्हणत आला की ते आम्हीच. २३ नोव्हेंबर १९९४ ला विधानसभेच्या हिवाळी अधिवेशनावर त्यांचा मोर्चा आला. पोलिसांचा लाठीमार झाला, चेंगराचेंगरी झाली आणि ११४ माणसं गेली, त्यांत बायका आणि मुलं जास्त. सीताबर्डीच्या उड्डाणपुलाला आज त्यांचं नाव आहे, आदिवासी गोवारी शहीद उड्डाणपूल. २०१८ मध्ये उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठानं गोवारींच्या बाजूनं निकाल दिला. डिसेंबर २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तो फिरवला: यादीत जे लिहिलंय तेच, गोंड गोवारी म्हणजे गोवारी नव्हे, आणि यादीत बदल करायचा अधिकार न्यायालयाला नाही. पुलाच्या नावात आदिवासी, कागदावर नाही.

याच यादीतल्या ‘माना’ जमातीचं मात्र २००६ मध्ये उलट झालं. माना हे नाव गोंडांच्या ओळीत असलं तरी स्वल्पविरामानं वेगळं आहे. तेव्हा मानांनी आपण गोंडांची शाखा असल्याचं सिद्ध करायची गरज नाही, असं त्याच न्यायालयानं म्हटलं. कायद्याच्या दृष्टीनं दोन्ही निकाल समजून घेता येतात. पण ज्याचं आयुष्य त्या ओळीवर टांगलंय त्याला ते समजावून सांगायची माझी हिंमत नाही.

अर्थ जागेप्रमाणेही बदलतो. १९७६ च्या दुरुस्तीआधी विदर्भातली गोंडांची नोंद ठरावीक तहसिलींपुरतीच होती, मेळघाट, गडचिरोली, सिरोंचा, केळापूर, वणी, यवतमाळ. तोच गोंड नागपूर शहरात आला की जमातीतून बाहेर. उत्तर प्रदेशात आजही सोनभद्र, बलिया, वाराणसी अशा काही जिल्ह्यांत गोंड ही अनुसूचित जमात आहे, आणि उरलेल्या जिल्ह्यांत अनुसूचित जात. जिल्ह्याची सीमा ओलांडली की माणूस तोच, रकाना दुसरा. आणि आमच्या भाडेकरू मुलीची पहिली अडचणही त्यातलीच. जमातीचा दर्जा राज्यापुरता असतो. दुसऱ्या राज्यात शिकायला गेलं की तो सोबत येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठानं १९९० मध्येच ठरवून टाकलंय. गोंड दोन्ही राज्यांच्या यादीत आहेत, तरीही. तिच्या गावातून मामाच्या गावाला जाताना वाटेत फक्त जंगल लागतं.

आमच्या छत्तीसगडातही यादीतलं एक अक्षर हुकल्यानं किती लोक अडकले होते! धनवार यादीत होते, पण जमिनीच्या जुन्या कागदांवर धनुहार किंवा धनुवार लिहिलेल्यांना दाखला मिळेना. २०२३ मध्ये संसदेनं कायदा करून ही रूपं जोडली, तेव्हा कुठे वाट मोकळी झाली.

मग कोयतुर म्हणजे काय? गोंडी बोलणाऱ्या बहुतेकांना विचारलंत तर कोया म्हणजे माणूस, असं उत्तर मिळतं. नानाईंसारखंच, अगदी साधं. अभ्यासक तिथेही दुसरे अर्थ शोधतात, शोधू देत. नागपूरचे मोतीरावण कंगाली रिझर्व्ह बँकेत नोकरी करत करत आयुष्यभर गोंडी भाषेवर आणि धर्मपरंपरेवर लिहीत राहिले. त्या परंपरेला ते ‘कोया पुनेम’ म्हणत. २०१५ मध्ये ते गेले. त्यांच्यानंतरच्या तरुण पिढीत कोयतुर हा शब्द अभिमानानं लावणारे खूप दिसतात. त्याच घरातले वडीलधारे मात्र गोंड म्हणायलाच पसंत करतात, कारण राणी दुर्गावती, गोंडवाना, गडचिरोलीतलं गोंडवाना विद्यापीठ, सगळं या नावाशी बांधलेलं आहे. परक्यानं दिलेलं असलं तरी त्या नावानं लढाया झाल्यात. मी बाहेरचा माणूस, कोणतं नाव बरोबर ते ठरवणारा मी कोण?

एक गोष्ट मात्र खटकते. २०११ च्या जनगणनेत गोंड म्हणून नोंदलेले लोक कोटीच्या वर होते. गोंडी मातृभाषा सांगणारे सुमारे २९ लाख ८४ हजार. बाकीचे छत्तीसगडी, हिंदी, मराठी, तेलुगू बोलतात. गोंडी अजून आठव्या अनुसूचीत नाही. गोंडीत टेका म्हणजे साग, त्यावरून टेकाम. मरका म्हणजे आंबा, त्यावरून मरकाम. ही आडनावं आमच्या रायपुरात पावलोपावली भेटतात. त्यांतल्या किती जणांना आपल्या आडनावातलं झाड ओळखू येत असेल?

आमच्या त्या मुलीला मी हे सगळं जेवताना सांगितलं. तिनं शांतपणे ऐकलं आणि म्हणाली, ‘काका, खडकाचं भारी आहे, पण अर्जात काय लिहू?’ हिनं, म्हणजे सौभाग्यवतींनी, मला डोळ्यांनीच गप्प केलं.

पुढच्या आठवड्यात ती परत त्या कचेरीत गेली. राज्याची शिष्यवृत्ती मिळणार नव्हती, पण केंद्राच्या एका योजनेचा अर्ज भरायचा होता. मातृभाषेच्या रकान्यात आधी मराठी लिहिलं होतं, ते खोडून तिनं गोंडी लिहिलं. जमात गोंड. बाबूंनी पुन्हा विचारलं, ‘कौन-सा?’ ती म्हणाली, ‘कोयतुर.’ असं काही नसतं, ते म्हणाले. तिनं पिशवीतून यादीची झेरॉक्स काढली, गोंडांच्या लांबलचक ओळीत बोट फिरवत गेली आणि ‘कोईतार’वर थांबली.

बाबूंनी चष्मा लावून वाचलं. मग शिक्का मारला.